धुक्यातले दुसरे घाव

मित्रांनो, चुलीच्या वर, धुरावर वाळत टांगलेल्या शिंपल्यांच्या माळांशेजारी एक काळी पडलेली जुनी कुऱ्हाड दिसते ना, ती मी. जगाच्या दक्षिण टोकाकडच्या या चिलोए बेटावर, लिंगेको वस्तीत, मला ओळखत नाही असे एकही घर नाही. पण माझी हकीकत मात्र दोन-तीन माणसांनाच पुरती ठाऊक आहे. आज ती तुम्हाला सांगते. तिच्यात थोडे भय आहे. ते मी पातळ करून सांगणार नाही, कारण भय पातळ केले तर बाकीची हकीकतही खोटी वाटू लागेल.

माझा जन्म बंदरावरच्या लोहाराच्या भट्टीत झाला. एका मोडक्या गलबताच्या नांगराची साखळी वितळवून माझे अंग घडले आणि धारेसाठी पोलादाची पट्टी जोडली गेली. लाल झालेली मी जेव्हा पाण्याच्या पिंपात बुडाले, तेव्हा मोठ्याने किंचाळले होते. लोहार हसून म्हणाला, "रडली म्हणजे जगली!" तिथूनच बाल्दोमेरो चिग्वाय नावाच्या शांत, ठेंगण्या माणसाने मला उचलले. माझा दांडा त्याने स्वतः तासला. तो लूमाच्या लाकडाचा आहे. लूमा इतका जड, की पाण्यात टाकला तर दगडासारखा तळाला जातो. या दांड्यावर बाल्दोमेरोच्या तळहाताने एक खळगा पाडला होता. तो अजून आहे.

बाल्दोमेरोचा धंदा लाकडी कौलांचा. वस्तीच्या मागे डोंगर आहे, डोंगरावर रान आहे आणि रानाच्या माथ्यावर आलेर्सेची झाडे आहेत. आलेर्सेचे लाकूड तांबूस असते आणि कागदाच्या थप्पीसारखे सरळ फाटते. त्याची कौले छपरावर बसवली की पाऊस शंभर वर्षे दारात उभा राहतो, आत येत नाही. पण ते झाड वाढते फार सावकाश. ज्या झाडाखाली बाल्दोमेरो भाकर खायला बसायचा, ते त्याच्या आजोबांच्या आजोबांनीही तेवढेच जाड पाहिले असेल.

त्या रानाचे काय सांगू! तिथे भर दुपारीही हिरवा अंधार असे. पाऊस थांबला तरी झाडांखाली थांबत नसे. समुद्रावरून धुके चढायचे, पानापानाला अडकायचे आणि थेंब होऊन खाली उतरायचे. प्रत्येक झाडाच्या अंगावर शेवाळाचा जाड झगा, झग्यावर नेचे, नेच्यांमध्ये कुठून तरी रुजलेले दुसरेच झाड. कुठले खोड कुणाचे, हे पाहणाऱ्याला समजत नसे. बांबूच्या पानांचा गोळा करून एक उंदराएवढा पिशवीवाला जीव त्यात सगळा हिवाळा झोपून काढायचा, इतका गाढ की हातात घेतला तरी मेल्यासारखा थंड. टोकदार नाकाचा एक इवला बेडूक आपली पिल्ले घशातल्या पिशवीत सांभाळायचा आणि वेळ झाली की एकेक करून तोंडातून बाहेर सोडायचा. आणि पायांजवळच्या झुडपात चुकाओ पक्षी ओरडायचा. तो उजव्या हाताला ओरडला तर पुढे जायचे, डाव्या हाताला ओरडला तर घरी परतायचे. लिंगेकोत हे शेंबडे पोरही जाणते.

सरकारने कायदा केला होता की जिवंत आलेर्सेला हात लावायचा नाही. मेलेले, पडलेले, जुन्या वणव्यात जळून उभे राहिलेले खोड तेवढे घ्यायचे. बाल्दोमेरोला कायद्याची गरज नव्हती. तो कुठल्याही खोडाजवळ गेला की मला उलटे धरून बोथट बाजूने तीनदा ठोकायचा. मेलेले खोड खणखणते. जिवंत झाड आवाज गिळून टाकते. आवाज गिळला गेला की तो टोपी काढायचा, "माफ कर, झोपमोड केली," असे म्हणायचा आणि पुढे जायचा.

त्याच्याबरोबर असायची त्याची मुलगी एदेलमिरा. तेव्हा ती पंचविशीची होती. अंगाने थोराड, बोलण्यात तिखट. बाप खोड फोडायचा आणि ती कौले तासायची. अशाच एका सकाळी मी पहिल्यांदा तो आवाज ऐकला.

टोक्. टोक्. टोक्.

कुणीतरी रानात आत, दरीच्या बाजूला, लाकूड तोडत होते. त्या दिशेला वाट नव्हती. वस्तीही नव्हती. मित्रांनो, लोखंडाला लोखंडाचा आवाज ओळखता येतो. तो आवाज लोखंडाचा नव्हता. तो दगडाचा होता.

बाल्दोमेरोने मला खाली ठेवले.

"बाबा, कोण आहे तिकडे?" एदेलमिराने विचारले.

"ज्याचं रान आहे तो."

"तो बुटका? दगडाच्या कुऱ्हाडीचा, नुसत्या नजरेनं माणसाचं तोंड वाकडं करणारा? बाबा, ह्या गोष्टी तुम्ही आम्हाला बटाटे सोलायला बसवण्यासाठी सांगायचात!"

"तेव्हा तुम्ही बटाटे सोललेत ना? मग आताही ऐक. सामान भर. आज त्याचा दिवस आहे, आपला नाही."

"आणि अर्धं फोडलेलं खोड?"

"पळून जातंय का ते? मेलंय बिचारं."

ती हसली, पण सामान भरताना तिचे हात भरभर चालत होते. आम्ही चिखलावर ओंडके टाकून केलेल्या वाटेने खाली आलो. तो आवाज मागे बराच वेळ येत राहिला, जसा होता तसाच, घाई नाही की विश्रांती नाही.

अशी पंधरा वर्षे गेली. कामाची, घामाची आणि कौतुकाचीही. वस्तीतले चर्च नव्या कौलांनी शाकारले, तेव्हा बाल्दोमेरोने मला सगळ्यांसमोर उंच धरले होते. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मी तेव्हा फुगले होते, हे कबूल करते. पुढे एका हिवाळ्यात बाल्दोमेरोच्या छातीत कफ साठला आणि तो गेला. त्याच्या शवपेटीच्या फळ्या मीच फोडल्या.

बापाच्या मातीला त्याचा थोरला मुलगा रोसामेल आला. तो तरुणपणीच दक्षिणेकडे, मेंढ्या कातरायच्या कामावर गेला होता. परतला तेव्हा हाती काही नव्हते. जिभेला मात्र कातरीची धार चढली होती. घरात आल्याबरोबर त्याने मला खुंटीवरून काढले आणि खळग्यात आपला तळवा बसवून पाहिला. तो बसला नाही. त्याचा हात मोठा होता.

दोन वर्षे त्याने मेलेली खोडे फोडली. पण जवळची खोडे संपत आली आणि बंदरावरचा व्यापारी तर अजून माल मागत होता. एके दिवशी रोसामेल मला घेऊन थेट माथ्यावर गेला. तिथे सात आलेर्से जवळजवळ उभे होते. त्यातल्या सर्वांत जाड झाडाला सात माणसांनी हात धरले तरी वेढा पुरा झाला नसता. रोसामेलने त्याला ठोकून पाहिले नाही. त्याने सरळ मला फिरवले.

त्याला झाड पाडायचे नव्हते. पाडले तर गुन्हा. त्याने कमरेच्या उंचीवर सालीचा एक पट्टा गोल सोलून काढला, आतल्या ओल्या लाकडापर्यंत. असे केले की मुळांचे आणि पानांचे बोलणे तुटते. झाड उभेच राहते, पण मरू लागते. मग ते मेलेले झाड होते आणि मेलेले झाड कायद्याने तोडता येते. सात झाडांना सात पट्टे. दुसऱ्या कुणी नाही, मित्रांनो, मीच ते कापले. दिवसभर जवळपास कुठेही चुकाओ ओरडला नाही, ना उजवीकडे, ना डावीकडे.

संध्याकाळी एदेलमिरा मला पुसायला घेऊन बसली. दांडा आणि पाते जिथे जुळतात, त्या फटीत साल अडकली होती. लाल, ओली, केसांसारखी. आमच्याकडे होडीच्या फटी बुजवायला हीच साल वापरतात, तेव्हा तिला ती न ओळखायला काय झाले?

"दादा, आज कुठलं लाकूड फोडलंस?"

"मेलेलं. दुसरं कुठलं?"

"मेलेल्या झाडाची साल ओली असते होय?"

"तू काय वनखात्याची साहेबीण लागून गेलीस?"

"बाबांची कुऱ्हाड आहे ही."

"आणि बाबांचा मुलगा मी आहे. तू आपली बटाटे खण."

"खणतेच आहे. म्हणून तर तुझं ताट भरतंय."

रोसामेल उठून बाहेर गेला. एदेलमिराने ती साल चुलीत टाकली. तिने कुणाला काही सांगितले नाही. घरातले भांडण उंबऱ्याबाहेर जाऊ नये, असे तिला वाटले. मला तर तोंडच नव्हते. पण तिला होते, आणि ते तिने मिटून घेतले. हे मी तिच्याच तोंडून पुढे ऐकले, म्हणून तुम्हाला सांगू शकते.

ती झाडे मात्र लवकर मरेनात. एक वर्ष गेले, दुसरे गेले. शेंड्याकडची पाने तपकिरी झाली, पण खालच्या फांद्या हिरव्या राहिल्या. रोसामेल वर जायचा आणि त्यांच्याकडे पाहत उभा राहायचा. एकदा तो त्यांना ओरडून म्हणाला, "अरे मरा ना एकदाचे!" थेंब पडत होते, ते त्या क्षणी थांबल्यासारखे वाटले.

तिसऱ्या वर्षी जानेवारीत, म्हणजे आमच्याकडच्या ऐन उन्हाळ्यात, तीन आठवडे पाऊस पडला नाही. शेवाळ वाळून कुरकुरीत झाले. रोसामेलने त्या सात झाडांच्या बुंध्याशी आग लावली. त्याला वाटले होते की तेवढीच जळतील. पण समुद्राकडून वारा सुटला. आग शेवाळातून धावली, फांद्यांवर चढली, एका झाडावरून दुसऱ्यावर उडी मारू लागली. चार दिवस माथा जळत होता. बटाट्याच्या फुलांवर राख पडली. आग विझवायला ओली पोती घेऊन सर्वांत पुढे धावला तो रोसामेलच. लोक म्हणाले, "बाल्दोमेरोचा मुलगा शोभतो खरा!" एदेलमिरा खालून त्याच्याकडे बघत होती. पाचव्या दिवशी पाऊस आला.

मला वाटले होते, झाडे गेली की जमीन कोरडी पडेल. झाले उलटेच. इतकी वर्षे ती हजारो झाडे मुळांनी पाणी पीत होती आणि पानांनी आभाळाला परत देत होती. आता पिणारे कुणी उरले नाही. माथ्यावर पाणी साचू लागले. वर्षभरात राखेवर फिकट हिरवे, फुगीर, ओल्या कापसासारखे शेवाळ पसरले. आमच्याकडे त्याला पोम्पोन म्हणतात. वरून गादी, खाली काळा चिखल, आणि चिखलाला तळ कुठे, ते कुणाला माहीत नाही. त्या गादीतून जळालेली पांढरी खोडे हाडांसारखी वर आली होती. वस्तीचा झरा तिथूनच निघायचा. त्याचे पाणी आता तपकिरी, कुजक्या वासाचे येऊ लागले. मुलांची पोटे बिघडू लागली. शेजारच्या क्लोदोमिरा मावशीचा धाकटा नातू तर महिनाभर अंथरुणात होता.

रोसामेलला मात्र हवे ते मिळाले होते. माथाभर मेलेली खोडे! तो रोज मला घेऊन वर जाऊ लागला.

पहिल्याच आठवड्यात ते सुरू झाले. त्याने एक घाव घातला की मागून एक घाव ऐकू यायचा. टोक्, आणि मग टोक्. त्याला वाटले, उघड्या डोंगरावर आवाज घुमतो आहे. मलाही तसेच वाटून घ्यायचे होते. पण मागचा घाव दगडाचा होता. लोखंडाचा आवाज घुमून परत येताना दगडाचा कसा होईल? मग एके दिवशी रोसामेल घाव घालता घालता मध्येच थांबला. मी हवेत होते. मागून एक घाव आला. मग आणखी एक.

त्या दिवसापासून तो काम करताना मोठमोठ्याने गाणी म्हणू लागला. घरी आला की दाराला दोनदा कडी लावून पाहायचा. एदेलमिरा विचारायची, "काय रे, झालंय काय तुला?" तो म्हणायचा, "मला? मला काय होणार?" पण त्याचे जेवण कमी झाले होते.

एप्रिलमधला एक दिवस. सकाळ स्वच्छ होती. दुपारी जेवायच्या सुमारास समुद्रावरून धुके आले आणि इतक्या झपाट्याने चढले की रोसामेलला स्वतःचे बूट दिसेनात. त्याच वेळी मागचे घाव सुरू झाले. या वेळी त्याने काही तोडले नव्हते. मी त्याच्या खांद्यावर होते. घाव जवळ आले. मग आणखी जवळ. रोसामेल पळाला. ओंडक्यांची वाट सोडून पळाला. चौथ्या पावलाला जमिनीने त्याला कमरेपर्यंत घेतले, आणि तो धडपडला तसे छातीपर्यंत.

तो ओरडला, पण धुक्याने त्याचा आवाज जवळच बुडवला. हाताशी एक जळके खोड होते. त्याने मला उलटे धरले आणि बोथट बाजूने त्यावर ठोकू लागला. खोड खणखणले. तो ठोकत राहिला.

खाली वस्तीत एदेलमिराने धुके पाहिले आणि शाल गुंडाळली. क्लोदोमिरा मावशी दारात बसली होती.

"कुठं निघालीस?"

"दादा वर आहे."

"असू दे. धुकं उतरलं की येईल आपल्या पायांनी."

"आणि नाही आला तर?"

"अगं, असल्या धुक्यात एक जातो आणि दुसरा त्याला शोधायला जातो. मग आम्ही दोन पेट्या करायच्या का?"

"एकच करा, मोठी. दोघंही मावू," असे म्हणून ती निघाली.

ओंडक्यांच्या वाटेने ती माथ्यापर्यंत चढली. पुढे पांढऱ्या भिंतीखेरीज काही नव्हते. तिने हाक मारली. हाकेमागून घाव ऐकू आले. उजवीकडून: टोक्, टोक्, टोक्. आणि डावीकडूनही: टोक्... टोक्.

दोन कुऱ्हाडी. माणूस मात्र एकच वर गेला होता.

पुढचे तिने मला कितीतरी वर्षांनी, या चुलीपाशी बसून सांगितले. ती म्हणाली, उजवीकडचे घाव ठाम होते. कामाला लागलेल्या माणसाचे असावेत तसे, एकसारखे. तिचा पाय तिकडेच वळला होता. डावीकडचे घाव वेडेवाकडे होते. एक जोरात, एक हलका, मग बराच वेळ काहीच नाही, मग पुन्हा एक. ती डोळे मिटून उभी राहिली. आणि तिला एकदम उमगले की माणूस दमतो.

ती डावीकडे वळली. तिने तिसरे पाऊल टाकले आणि उजवीकडचे घाव थांबले. थोड्या वेळाने ते पुन्हा सुरू झाले, पण आता तिच्या पाठीमागून. एकसारखे. ठाम. तिने मागे वळून पाहिले नाही.

एका आडव्या खोडावर पालथी पडून ती सरपटत पुढे आली. तेव्हा रोसामेलची हनुवटी पोम्पोनला टेकली होती.

"दांडा धर," ती म्हणाली. त्याच्या हातून मला घेऊन तिने पात्याकडून पकडले होते. तिच्या बोटांतून रक्त येत होते, ते मला जाणवत होते. "दोन्ही हातांनी. आणि लाथा मारू नकोस, आडवा हो. आडवा हो म्हणते ना, गाढवा!"

"एदे," तो म्हणाला, "तू एकटीच आलीस?"

"एकटीच."

"मग तुझ्या मागं कोण उभं आहे?"

तिने मान वळवली नाही. "दादा, माझ्याकडे बघ. फक्त माझ्या डोळ्यांकडे. बघतोयस ना? आता ओढते."

पण त्याची नजर तिच्या खांद्यावरून पलीकडे गेली होती. काय होते तिथे? मला माहीत नाही, मित्रांनो. माझे पाते तिच्या पंजाखाली झाकलेले होते. मला एवढेच आठवते की घाव थांबले होते, आणि धुक्याचे थेंब चहूबाजूंना पडत असताना तिच्या पाठीमागच्या एका जागी मात्र पडत नव्हते.

तिने त्याला बाहेर काढले. कसे काढले, हे तिलाही सांगता येत नाही.

रोसामेल वाचला, पण त्याचे तोंड डावीकडे कलले ते कायमचे. बोलणे जड झाले. बंदरावरचे डॉक्टर म्हणाले, फार वेळ गारठ्यात राहिल्याने असे होते. वस्तीतल्या म्हाताऱ्यांना ते पटले नाही. त्यांनी फक्त एकमेकींकडे पाहिले.

त्या वर्षी बटाटे काढायला सगळे शेजारी आमच्याकडे आले. काम झाले, अंगणात जेवणे झाली आणि रोसामेल उठून उभा राहिला. वाकड्या तोंडाने, एकेक शब्द ओढत तो म्हणाला, "वरची आग मी लावली. झाडंही मीच मारली."

मग एदेलमिरा उठली. "मला ठाऊक होतं. झाडं मरण्याच्या आधीपासून. मी गप्प बसले."

सगळ्यांचे डोळे क्लोदोमिरा मावशीकडे गेले. नातू तिच्या मांडीवर होता. तिने त्याच्या पोटावरून हात फिरवला. मग म्हणाली, "शिव्या द्यायला बसले तर मला हा जन्म पुरायचा नाही. ते राहू दे. उद्या सकाळी माझ्या दारात पाणी पाहिजे. स्वच्छ."

दुसऱ्या दिवसापासून रोसामेल पलीकडच्या डोंगरावरच्या ओढ्यातून पाणी वाहू लागला. खांद्यावर कावड, दोन बादल्या, तासाची चढण. अकरा घरे. दोन वर्षे. कुणी त्याच्याशी बोलत नसे. पण बादली उतरवायला पुढे हात मात्र येऊ लागले.

पाणी कायमचे आणायचे तर नळ हवा. त्यासाठी माथ्यावरची मेलेली खोडे विकावीत असे वस्तीने ठरवले. कायद्याची आडकाठी नव्हती. बंदरावरच्या व्यापाऱ्याने आपला माणूस पाठवला. सगळे मिळून ओंडक्यांच्या वाटेने वर गेलो. पहिला घाव बाल्दोमेरोच्या मुलीने घालावा, असे म्हणून मला एदेलमिराच्या हाती दिले.

तिने एका आडव्या पडलेल्या जाड खोडासमोर पाय रोवले. मला डोक्यावर उचलले. आणि तशीच थांबली.

"काय झालं?" व्यापाऱ्याचा माणूस म्हणाला.

ती गुडघ्यांवर बसली. खोडाच्या पाठीवर, चिखलापासून हातभर उंच, पातळ शेवाळात काहीतरी हिरवे उभे होते. नखाएवढे. त्याच्या शेजारी आणखी एक. त्या खोडाच्या लांबीवर तिने तेवीस मोजले. आलेर्सेची रोपे. तिने भोवतालच्या दलदलीत पाहिले. तिथे एकही नव्हते. तिथे बी पडते, पण बुडून कुजते. कोरडी, उंच जागा अशी एकच उरली होती, ती म्हणजे मेलेल्या झाडांची पाठ.

"अहो बाई, गवतासाठी थांबलात होय?" तो माणूस हसला. "मेलेलं लाकूड आहे. कायदा आहे. मारा घाव."

एदेलमिरा काही बोलायच्या आधीच रोसामेल पुढे आला आणि त्या खोडावर, रोपे टाळून, बसला.

"उठा की हो, पाव्हणं," माणूस म्हणाला.

रोसामेलने मान हलवली. "हे मेलेलं नाही," तो कसेबसे म्हणाला. "हे... पोटुशी आहे."

कुणीतरी हसले, मग थांबले. क्लोदोमिरा मावशी काठी टेकत आली. तिने वाकून पाहिले. एकदा पाहिले, पुन्हा पाहिले. मग व्यापाऱ्याच्या माणसाला म्हणाली, "तुम्ही जेवून आलात का? नाही? मग चला खाली, जेवा आणि जा. इथं विकायला काही नाही."

नळ झाला नाही. पण वादळात पडलेली साधी झाडे खालच्या उतारावर पुष्कळ होती. ती फोडून, मधून कोरून त्यांच्या पन्हळी केल्या आणि एकाला एक जोडून पलीकडच्या ओढ्याचे पाणी वस्तीत आणले. ते कोरण्याचे काम मी केले. माझ्या आयुष्यातले ते शेवटचे मोठे काम. त्यात माझी धार इतकी झिजली की आता मी बटाटाही कापू शकणार नाही. तेव्हापासून मी इथे, धुरात आहे.

कौतुक आता कुणी करत नाही. मुले मला हात लावून बघतात आणि बोटे काळी झाली की चड्डीला पुसतात. गंज चढतो. कधीकधी एदेलमिरा डुकराच्या चरबीचे बोट माझ्यावरून फिरवते, तेही डोळ्यांना कमी दिसते म्हणून अर्धे चुकते. मी तक्रार करत नाही. माझ्या धारेने जे केले, त्यातले काही मला धुराखालीही विसरता येत नाही.

गेल्या आठवड्यात रोसामेल वर जाऊन आला. आता तो सत्तरीचा आहे, पण वर्षातून एकदा जातोच. चुलीशी बसून तो म्हणाला, "एदे, मोठं झालं गं ते पहिलं!"

"किती?"

त्याने करंगळी दाखवली.

"वीस वर्षांत?"

"हो," तो म्हणाला आणि त्याचे वाकडे तोंड आणखी वाकडे झाले. तो हसत होता. "पुढच्या वर्षी केसभर आणखी."

मित्रांनो, मला उपदेश करता येत नाही. माझा जन्म तोडण्यासाठी झाला. म्हणून एवढेच मागते. कुठल्याही रानात जाल तेव्हा वाटेत आडवे पडलेले, कुजलेले, कामातून गेलेले खोड दिसेल. त्यावर पाय देऊन पुढे जाण्याआधी, किंवा माझ्यासारखी एखादी हातात असेल तर ती उचलण्याआधी, गुडघे टेका आणि वाकून बघा. त्याच्या पाठीवर करंगळीएवढे कुणी उभे असेल, तर वळसा घालून जा.